भाचीचं नाव सीर्शा

१२ जानेवारी २०२५
हुडकेश्वर, नागपूर

भावना,

तुझं कार्ड मिळालं. मुलगी झाली, छान झालं. फोटोत तिने डोळे मिटलेत, म्हणून कोणावर गेली ते कळत नाही. कपाळ आईचं वाटतं. हे मी कोणाला बोलले नाही, तुलाच लिहिते आहे.

मागच्या उन्हाळ्यात आई गेली तेव्हा तू आली नाहीस. मी फोनवर जे बोलले ते बोलले, आणि मग तुझा नंबरच बंद करून टाकला. आता महिने जुळवले तर कळतं की तेव्हा तुला दिवस गेले होते. एका शब्दाने सांगितलं असतंस तर? असो. तिकडे आयर्लंडमध्ये दवाखान्यात दुसऱ्यांच्या आयांची सेवा करतेस, स्वतःच्या आईला खांदा द्यायला यायचं नाही, असं मी म्हणाले होते. ते परत घेत नाही. पण पुन्हा म्हणणारही नाही.

आता त्या नावाचं सांग. एस, ए, ओ, आय, आर, एस, ई. याला म्हणायचं काय? मामा झालेल्या प्रशिकने ‘साओयर्स’ वाचलं. पिंकी म्हणाली, ‘आपली नणंदबाई तर आपल्याले वाचताच येऊ नये असं नाव शोधून बसली.’ मी कार्ड बाबांना दाखवलं. अर्धांगवायूनंतर त्यांना ‘हो’, ‘नाई’, ‘पाणी’ असे चारदोन शब्दच येतात. त्यांनी चांगला हात उचलून फोटोवर बोट ठेवलं आणि माझ्याकडे पाहत राहिले. नाव विचारत होते. मला सांगता आलं नाही. नातीचं नाव आजोबाला सांगता येऊ नये, असलं कसलं नाव ठेवलंस?

उत्तर द्यायचं तर पत्रानेच दे, फोन नको. त्याला कारण आहे. आणि पत्र आपल्या घरी नको, शेजारच्या कुसुमताईंच्या पत्त्यावर टाक. त्यांना सांगून ठेवलंय.

ताई

२३ फेब्रुवारी २०२५

भावना, जयभीम.

तुझं पत्र कुसुमताईंनी भाजीच्या पिशवीत घालून आणून दिलं. मी स्वयंपाकघरात ओट्याशी उभी राहून वाचलं. सीर्शा. तीनचारदा म्हणून पाहिलं. तुझी सासू सीर्शा म्हणते आणि तुझ्या वॉर्डातल्या बाया सर्शा म्हणतात, मग मी सासूचंच धरते. म्हणायला सोपं आहे वं. लिहिताना एवढी अक्षरं का वाया घालवतात ते त्यांनाच ठाऊक.

आणि अर्थ स्वातंत्र्य. वाचून मी हसले. ते चांगलं हसू नव्हतं.

तू विचारलंस, फोन का नको? ऐक. दिवाळीच्या आधी बाबा पलंगावरून घसरले. मी अंगणात कपडे वाळत घालत होते. लागलं काही नाही, पण प्रशिकने पुढच्याच रविवारी हॉलमध्ये कॅमेरा लावला. बाबांचा पलंग हॉलमध्येच आहे. दुसरा कॅमेरा फाटकावर. त्याला तिकडे बुटीबोरीला कंपनीत बसल्या बसल्या मोबाइलवर सगळं दिसतं, ऐकू येतं आणि तिकडून बोलताही येतं. मी बाबांचं अंथरूण बदलत असते आणि भिंतीतून आवाज येतो, ‘ताई, दहाची गोळी देल्ली का?’ मी शेजारी जाऊन आले की, ‘ताई, कुठी गेल्ती?’ पहिल्या दिवशी बाबा त्याचा आवाज ऐकून मान वळवून वळवून त्याला शोधत होते. कपाटाकडे, दाराकडे. ते पाहून मला रडूच आलं. आता ते शोधत नाहीत.

स्वयंपाकघर तेवढं कॅमेऱ्यात येत नाही. तिथे सिलिंडरजवळ स्टूल टाकून मी ही पत्रं लिहिते.

प्रशिक वाईट नाही. काळजीनेच लावलाय त्याने. किराणा भरतो, औषधं आणतो, दर रविवारी येऊन बाबांना आंघोळ घालतो. माझं लग्न झालं नाही, बाबांना लकवा मारल्यावर शाळेतली नोकरी मी सोडली, तेव्हा सगळ्यांना वाटतं की हे आपोआपच जुळून आलं. मलाही वर्षभर तसंच वाटलं.

एक गोष्ट सांगते, पण त्यावर काही लिहू नकोस. उमरेडला मुलींचं एक वसतिगृह आहे. त्यांना गृहपाल पाहिजे. राहायला खोली देतात. मी अर्ज टाकलाय. होणार काही नाही. उमरेडची बस आपल्या घरामागच्या रस्त्यावरून जाते ना, रोज ऐकू येते, म्हणून टाकला एवढंच.

मुलीला सर्दी होती म्हणालीस. ओवा भाजून पुरचुंडी कर.

ताई

३० मार्च २०२५

प्रिय भावना, जयभीम.

तुझ्या सासूने नावाची एवढी माहिती दिली, तिला माझा नमस्कार सांग. म्हणजे सव्वाशे वर्षांपूर्वी हे नावच नव्हतं! मला वाटलं होतं एखाद्या जुन्या राणीचं नाहीतर देवीचं असेल. नुसता भाषेतला एक शब्द, आणि इंग्रजांशी लढून देश मोकळा करायच्या दिवसांत लोकांनी तो उचलून लेकींना द्यायला सुरुवात केली. तुझ्या सासूच्या वर्गात या नावाची एकही मुलगी नव्हती आणि आता गल्लीगल्लीत आहेत, हेही वाचलं. शब्दाचं मूळ ‘मोकळा’ आणि त्याच शब्दाचा बाजारातला अर्थ ‘स्वस्त’, हे वाचून मात्र थांबले. त्यांच्या जुन्या कायद्यात माणसांचे मोकळे आणि बांधलेले असे भाग होते, हेही तू लिहिलंस. म्हणजे तिकडेही होतंच.

हे वाचून मला आजीची आठवण आली. तुळसाआजी गेली तेव्हा तू चौथीत होतीस, तुला हे कोणी सांगितलं नसेल. बाबांचं नाव प्रेमानंद नव्हतं. पाच वर्षांचे होईपर्यंत ते उकंड्या होते. उकिरड्यावरचा तो उकंड्या. मी एकदा आजीला विचारलं, असलं नाव काहून ठेवलं? ती तांदूळ निवडत होती. म्हणाली, ‘आमी थोडंच ठेवत होतो वं? गाव ठेवे. आमी फक्त हाक मारो.’

छप्पन साली आजी-आजोबा कुहीकडच्या त्या गावातून नागपूरला दीक्षेला आले. बाबा आजोबांच्या खांद्यावर. परत जाताना वाटेतच आजीने ठरवलं, आता हा प्रेमानंद. कुठे ऐकलं होतं ते नाव, देव जाणे; हे मी सवयीने लिहिलं, देवाला काय माहीत. गावात कोणी प्रेमानंद म्हणेना. मुद्दाम लांबून ओरडायचे, ए उकंड्या! आजीने बाबांना बजावलं होतं, ‘हाक आली तरी वळाचं नाई. प्रेमानंद म्हणतीन तवाच ओ द्याची.’ पाच वर्षांचं पोर! मार खाल्ला, पण ओ दिली नाही. दोन पावसाळे गेले, मग एक दिवस दुकानदाराने तेलाची बाटली भरता भरता सहज विचारलं, ‘प्रेमानंद, मा कुठी हाय तुही?’ आजी हे सांगताना प्रत्येक वेळी हसायची आणि डोळे पुसायची.

तर परवा दुपारी मी पलंगाजवळ बसले आणि बाबांना सांगितलं, ‘बाबा, तुमच्या नातीचं नाव सीर्शा. तिकडच्या भाषेत स्वातंत्र्य. नवीन नाव आहे, लोकांनी लढून काढलेलं. तुमच्यासारखंच.’ ते ऐकत होते. मग मी म्हटलं, ‘आजीनं तुमचं ठेवलं ना, तसं.’ त्यांच्या छातीतून असा आवाज आला वं, मला आधी ठसका वाटला. हसत होते आणि रडत होते. तोंडाची एकच बाजू हलते, त्यामुळे कळत नव्हतं. मी त्यांचा हात धरून बसले. मीही रडले.

आणि भिंतीतून आवाज आला, ‘ताई, बाबा काहून रडून राहिले? काय सांगून राहिली तू त्यायले?’

मी उत्तर दिलं नाही. ‘ताई? ताई!’ चारपाच वेळा. मी वळले नाही. बाबांनी माझ्याकडे पाहिलं. मग त्यांनीही तिकडे पाहायचं बंद केलं.

संध्याकाळी प्रशिकचा फोन आला तेव्हा मी म्हणाले, मशीनमध्ये काहीतरी बिघाड असेल.

त्या उमरेडचं तू विचारलं नाहीस, बरं केलंस. गेल्या आठवड्यात बाबांचं औषध आणायला जाते म्हणून मुलाखतीला जाऊन आले. कुसुमताई बाबांजवळ बसल्या होत्या.

ताई

२७ एप्रिल २०२५

भावना,

जास्त लिहीत नाही. नोकरी मिळाली आणि प्रशिकला कळलं, दोन्ही एकाच मिनिटात झालं. वसतिगृहाच्या बाईंचा फोन आला तेव्हा मी बाबांना भरवत होते. मोबाइल पलंगावर होता. भरल्या हाताने घाईत उचलला. ‘जूनमध्ये रुजू व्हायचं’ एवढं मी मोठ्याने परत म्हणाले.

तो कंपनीतून थेट इकडे आला.

‘उमरेडले काय काम आहे तुह्यं?’

‘नोकरी लागली.’

‘कोणाले विचारून?’

मी बेचाळीस वर्षांची आहे, हे ओठांवर आलं होतं. तोंडातून निघालं भलतंच. ‘अजून हो नाही म्हटलं,’ असं म्हणाले मी.

‘तुले काय कमी आहे वं इथी? कोणी उपाशी ठेवलं तुले? कोणी हात उचलला?’

‘नाही.’

‘मंग काहून?’

कॅमेरा म्हणाले असते तर तो म्हणाला असता, काढतो. आणि काढलाही असता. मग मी काय सांगणार होते? मी म्हटलं, ‘बाबांना काही दिवस तुझ्याकडे ने.’ तो म्हणाला, घर दोन खोल्यांचं, त्यातल्या एकीत पिंकीचं पार्लर, लेकाची, अर्णवची दहावी. खोटं काहीच नाही त्यात. मग म्हणाला, ‘तू गेली तर मी बाबाले आश्रमात ठेवीन. अन् सगळ्या नातेवाइकाले सांगीन, ताईनं ठेवाले लावलं.’

हे तो बाबांच्या समोर बोलला.

बोलून झाल्यावर त्याचं त्यालाच कसंतरी झालं असावं. तो नखं कापायचं शोधून बाबांची नखं कापत बसला. एकेक बोट जपून धरून. मी पाहत होते. तो नुसता दुष्ट असता तर मी केव्हाच बॅग भरली असती.

गेल्या रविवारी त्याने फाटकाला नवीन कुलूप आणलं. चोऱ्या वाढल्यात म्हणे. एक किल्ली मला दिली आणि म्हणाला, बाहेर जाताना मेसेज टाकत जा. किल्ली माझ्या हातात आहे, आणि तरी मी फाटकापर्यंत जाऊन परत येते.

ताई

१ जून २०२५

भावना, जयभीम.

तू लिहिलंस, बाबांनाच विचार, त्यांचं आयुष्य आहे. ऑगस्टमध्ये मुलीला घेऊन महिनाभर येतेस म्हणालीस, ये. पण मला १६ जूनला रुजू व्हायचंय. बाईंनी दोनदा मुदत दिली, आता देणार नाहीत.

तर विचारलं. चाकाची खुर्ची ढकलत त्यांना स्वयंपाकघरात आणलं. मिक्सरमध्ये शेंगदाणे टाकून तो सुरू केला, म्हणजे हॉलमध्ये दुसरं काही ऐकू जाणार नाही. त्यांच्या कानाशी तोंड नेऊन म्हटलं, ‘बाबा, मी उमरेडले नोकरीवर जाऊ? तुम्ही प्रतापनगरले प्रशिककडे राहान? मी रविवारी येत जाईन.’

मिक्सर घरघरत होता. त्यांनी माझ्याकडे खूप वेळ पाहिलं. मला वाटत होतं, हा माणूस आजीचा मुलगा आहे, हा म्हणेल जा.

‘नाई,’ म्हणाले. आणि माझी ओढणी मुठीत धरली.

मी मिक्सर बंद केला. कूट करायचं होतं, त्याचं तेल सुटून गोळा झाला होता.

मी त्यांची मूठ सोडवली नाही. त्यांनी आपण होऊन सोडेपर्यंत तशीच वाकून उभी राहिले. भावना, माझी पाठ दुखायला लागली आणि मला राग आला. आजारी बापाचा राग आला. कुसुमताईंना सांगितलं तर त्या म्हणाल्या, ‘लेकराले विचारते का माय, कामावर जाऊ का? ते नाईच म्हणते.’ पण ते लेकरू नाही वं. ते बाबा आहेत. त्यांनी विचार करून नाही म्हटलं.

आता मला कोणाला विचारायचं उरलं नाही. सकाळपासून रात्रीपर्यंत तेच ते चाललंय डोक्यात.

ताई

६ जुलै २०२५, रविवार
उमरेड

प्रिय भावना, सप्रेम जयभीम.

पत्ता बदललाय, वर पाहा. कसं झालं ते सांगते.

चौदा जूनला शनिवार होता, प्रशिकला सुट्टी. आदल्या दिवशी मी बाबांचे कपडे, औषधं, वाटी-चमचा सगळं बांधून स्वयंपाकघरात ठेवलं होतं. सकाळी त्यांना आंघोळ घातली, दाढी केली, पांढरा सदरा घातला. आणि सांगितलं. या वेळी विचारलं नाही, सांगितलं. ‘बाबा, मी तुम्हाला प्रशिककडे सोडून नोकरीवर जातेय. तुम्ही नाही म्हटलं ते मी ऐकलं आहे. तरी जातेय.’ त्यांनी तोंड भिंतीकडे केलं.

भाड्याची रुग्णवाहिका फाटकाशी आली. मग मी कॅमेऱ्यासमोर उभी राहिले. इतक्या महिन्यांत मी पहिल्यांदाच आपण होऊन त्याच्याशी बोलले. म्हटलं, ‘प्रशिक, मी बाबांना घेऊन तुझ्याकडे निघाले. अर्ध्या तासात पोचतो. पिंकीला सांग, पलंग खिडकीजवळ लावून ठेवा, त्यांना उजेड लागतो.’ झोपला असेल, नाहीतर ऐकत असेल. घराला कुलूप लावलं आणि किल्ली कुसुमताईंकडे दिली.

प्रतापनगरला दारातच तो उभा होता. मला वाटलं, आत येऊ देणार नाही. पण वरच्या मजल्यावरचे लोक गॅलरीत येऊन पाहत होते आणि बाबा स्ट्रेचरवर होते. त्याने पुढे होऊन डोक्याकडची बाजू धरली. पार्लरची खुर्ची हॉलमध्ये आली होती आणि त्या खोलीत खिडकीजवळ पलंग लावलेला होता. पिंकीने लावला होता. ती माझ्याशी बोलली नाही, पण गोळ्या कशा द्यायच्या ते सांगत होते तेव्हा मोबाइलमध्ये उतरवून घेत होती.

प्रशिक शेवटी जिन्यात म्हणाला, ‘आई असती तर तुह्यी हिंमत झाली नसती.’

मी म्हटलं, ‘हो, झाली नसती.’ आणि उतरले. बाबांनी माझ्याकडे पाहिलं नाही. पायाला हात लावला तर त्यांनी पाय ओढून घेतला, तो चांगला पाय.

इथे मला खोली आहे. खिडकीतून आवार दिसतं, त्यात सीताफळाची दोन झाडं. मुली यायला लागल्यात. खेड्यांतून येतात, पहिले काही दिवस फार रडतात. मला सुखबिख वाटलं असेल असं समजू नकोस. पहिला आठवडा मी रोज दहाच्या गोळीला उठून उभी राहायचे. मागच्या रविवारी प्रतापनगरला गेले तर बाबांनी डोळे मिटून घेतले. झोपले नव्हते. मी तासभर बसून परत आले.

बुधवारी प्रशिकचा फोन आला. बाबा दोन दिवस जेवले नाहीत. ‘तू ये,’ म्हणाला, ‘मी हात जोडतो.’ माझी बॅग अर्धी भरून झाली. मग मी बॅगेशेजारी कॉटवर बसले आणि त्याला परत फोन केला. म्हटलं, मी येत नाही. कसं भरवायचं ते सांगते. तो ओरडला, फोन ठेवून दिला. मी रडले आणि बॅग रिकामी केली. उद्या त्यांना काही झालं तर हे मला आयुष्यभर पुरेल, हे कळत होतं.

मुली यायच्या होत्या म्हणून आज मी गेले नाही; दुपारी पुन्हा त्याचा फोन आला.

आता एक गोष्ट, जी मी तुला कधी लिहिली नाही. आई गेल्यापासून, मी घास पुढे केला की बाबा मला ‘आई’ म्हणायचे. आपली आई नाही, तुळसाआजी. त्यांचीच आई. मी कोणाला सांगितलं नाही, मला ते जड वाटायचं. आणि कोणी हिरावून घेईल असंही वाटायचं.

फोनवर प्रशिक म्हणाला, ‘ताई, मी बाबाले खिचडी चारून राहिलो होतो...’

‘जेवले?’

‘चार घास खाल्ले. पण ताई, ते मले आई म्हणून राहिले वं.’ त्याचा आवाज लहानपणीसारखा झाला होता. ‘मी काय म्हणू?’

मी म्हटलं, ‘हो म्हण, अन् घास पुढं कर.’

जेवणाची घंटा झाली. मुली ताटं घेऊन उभ्या आहेत, जाते.

तुझी ताई